पेटीवाले डॉक्टर आणि माझी काळी एक

आमच्या डॉक्टरांसमोर रोगी बसला की इतर डॉक्टरांसारखंच तेही 'आ कर' म्हणत. फरक एवढाच, की रोग्याने आ केला की डॉक्टर स्वतःचे डोळे मिटून घेत. घशात काय आहे ते त्यांना बघायचं नसे. घशातून काय निघतं ते ऐकायचं असे. रोगी 'आऽऽ' करी, डॉक्टरांचा डावा हात पेटीच्या भात्यावर जाई, उजव्या हाताचं एक बोट पट्ट्यांवरून चाचपडत फिरे, आणि रोग्याचा आवाज नि पेटीचा सूर एकमेकांत मिसळले की डॉक्टरांच्या चेहऱ्यावर मुलगा झाल्याचा आनंद पसरे.

"सापडला! काळी दोनचा मानूस हायेस तू. उतरून पांढरी एकवर आला. म्हनून भाकर गोड लागत नाई तुले."

गाणारे लोक आपापला मूळ सूर पेटीच्या पट्टीवरून सांगतात, कुणी काळी एक, कुणी पांढरी चार. डॉक्टरांचं म्हणणं असं, की ही पट्टी फक्त गवयालाच नसते, ती सगळ्यांना असते. जन्मताना जीव जी पट्टी धरून पहिलं रडतो ती त्याची पट्टी. पुढे काळजीने, कामाने, बायकोने (डॉक्टरीणबाई घरात नसल्या तर हा शब्द), माणूस पट्टीवरून घसरतो. "मानूस बिमार पडत नाई रे," ते म्हणत, "मानूस उतरते. त्याले वर बसवला की झालं."

डॉक्टरांचं नाव मी सांगणार नाही. त्यांची नातवंडं वाशीमलाच आहेत, आणि त्यांतला एक खरा डॉक्टर झाला आहे.

दुसरं महायुद्ध सुरू व्हायच्या आधीचे ते दिवस. स्टेशनकडे जाणाऱ्या रस्त्याला एका खोलीचा दवाखाना होता. कपाटात कलकत्त्याहून आलेल्या साबुदाण्याएवढ्या पांढऱ्या गोळ्यांच्या बाटल्या, आणि मधोमध, जिथे दुसऱ्याकडे तपासायचं टेबल असतं तिथे, चौरंगावर पेटी. एक नाटक कंपनी वाशीम मुक्कामी फुटली, मंडळी मिळेल त्या गाडीने पांगली, आणि कंपनीचा पेटीवाला जाताना 'आता हिला माझ्याच्याने वागवणं होत नाही' म्हणून ती डॉक्टरांच्या दारात ठेवून गेला. भात्याला उंदराने भोक पाडलं होतं. त्यावर डॉक्टरांनी जखमेला लावायची चिकटपट्टी लावली होती. पेटी वाजायच्या आधी एक उसासा टाकी. "दमा हाय तिले," डॉक्टर म्हणत, "पन सुराले पक्की हाय. सोन्याचे सूर हायेत."

हिवतापाला मात्र ते मुकाट्याने कुनैन देत. मी एकदा खवचटपणे विचारलं, "डॉक्टर, यावर राग नाही का एखादा?"

"डासाले कान नसतात," ते म्हणाले. "आधी कुनैन, मंग पेटी. मी येडा हावो, पन मानसं मारणारा येडा नाई."

बाकी सगळ्या दुखण्यांवर सूर. उदास माणसाला आरोह, म्हणजे सा पासून चढत जायचं. बद्धकोष्ठाला अवरोह, म्हणजे वरून खाली उतरत यायचं. कारण उघड आहे. खेड्यावरच्या एका पाटलांना त्यांनी सकाळी उपाशीपोटी अवरोह सांगितला. पाटील घरी जाईपर्यंत खालीवरीचं विसरले आणि चार दिवस आरोह करत बसले. पाचव्या दिवशी ओकाऱ्या सुरू झाल्यावर गाडी जुंपून आले. डॉक्टरांनी सगळं ऐकून घेतलं आणि कुठल्याही शंकेचा लवलेश नसलेल्या आवाजात म्हणाले, "मंग? म्या सांगतलं व्हतं ना, औषध जबर हाय म्हनून!"

डोकं दुखतं म्हणून एक बाई आली, तर तिला सोडून तिच्या नवऱ्याला आ करायला लावला. नवऱ्याचा आवाज म्हणजे करवतीने पत्रा कापावा तसा. "औषध याले लागते," डॉक्टर म्हणाले, "डोकं तिचं उतरन." नवऱ्याला महिनाभर खर्जात बोलायची शिक्षा झाली. बाईचं डोकं दुखायचं थांबलं. हे मात्र मी स्वतः पाहिलं आहे, शपथेवर सांगू शकतो.

शपथेवर म्हणालो, कारण मी वकील. म्हणजे काळा कोट होता. तो घालून पहिल्यांदा मुनसफांपुढे उभा राहिलो तेव्हा त्यांनी साधाच प्रश्न केला, "आपण कोणातर्फे?" मी म्हणालो, "मी... मी... मी... मी..." मुनसफ जुने, सोशिक गृहस्थ. त्यांनी बराच वेळ वाट पाहिली, मग चष्मा पुसला, मग पुढची तारीख दिली. चपराशी मला दारात म्हणाला, "सायेब, सोतातर्फे हाये हे सांगाले येवडा टाइम काहून लागला?"

लहानपणापासून जीभ अडखळायची. चारचौघांत अधिक, आणि काळ्या कोटात सगळ्यात अधिक. वडिलांचं कारंज्याला किराणा दुकान. मी वकील व्हावं ही त्यांची नव्हे, माझीच हौस. आणि ज्या मामांच्या हाताखाली मी उमेदवारी करत होतो, त्यांचा धीर त्या दिवशी सुटला.

"हे पाय भाच्या," मामा म्हणाले, "मेडशीच्या संपतचा बैलाचा दावा तुले देतो. तुझी लाज जाईल एवढा मोठा नाई, अन् तोंड उघडलं तं जिंकशीन एवढा सोपा. त्या तारखेले तोंड उघडलं नाई, तं कोट खुंटीले टांग अन् कारंज्याले जाऊन मीठ जोख."

मीठ जोखायला हरकत नव्हती. पण दुकानातही गिऱ्हाइकाशी बोलावं लागतं हे मामांच्या ध्यानात आलं नव्हतं.

संपतचा दावा खरंच सोपा होता. त्याचा लाल्या नावाचा बैल चरायला गेला तो परत आला नाही. महिन्याभराने शेजारच्या गावच्या एकाच्या गोठ्यात दिसला. तो म्हणे, हा माझ्याच घरी जन्मला. दोघांकडे साक्षीदार होते आणि दोघांचेही साक्षीदार खोटं वाटावं इतक्या छातीठोकपणे बोलत. संपत माझ्याकडे आला, माझं पहिलं वाक्य पुरं व्हायची वाट पाहत उकिडवा बसला, आणि शेवटी उठून म्हणाला, "वकीलसायेब, पेरनी तोंडावर आली. एका बैलानं मोट वढत नाई, तिफन वढत नाई. लाल्या आला नाई तं मी जू कोनाच्या खांद्यावर ठेवू? तुमी काई बी करा, पन बोला."

म्हणून मी डॉक्टरांकडे गेलो.

त्यांनी मला आ करायला लावलं. आ मला व्यवस्थित येतो. अडचण पुढच्या अक्षरांची आहे. डोळे मिटून, बोट फिरवत फिरवत ते एका काळ्या पट्टीवर थांबले आणि पेटी माझ्या आवाजाला अशी चिकटली की माझ्याच अंगावर काटा आला.

"काळी एक," डॉक्टर हळूच म्हणाले. जणू कुणाचं झोपलेलं लेकरू दाखवत होते. "लय नाजूक जागा हाय. तू बोलतं तवा तिथं बसतच नाई, इकडं तिकडं उड्या मारतं. आता याच सुरात सांग, तू कोनातर्फे?"

पेटी वाजत होती. मी त्या सुराला धरलं आणि म्हणालो, नव्हे गायलो, "मीऽ वादीतर्फेऽ, संपत मेडशीकराऽतर्फे."

एकदाही अडखळलो नाही. डॉक्टरांनी टाळी दिली. मी रडलो असेन. पेटीच्या आवाजात कळलं नाही.

त्यानंतरचे पंधरा-वीस दिवस माझ्या आयुष्यातले सर्वांत संगीतमय आणि घरच्यांच्या आयुष्यातले सर्वांत कठीण. डॉक्टरांचा हुकूम होता की सूर सोडून एक शब्द काढायचा नाही. जेवताना मी काळी एक धरून म्हणे, "मीऽठ वाढता काऽ?" आमच्या घरातून उत्तर आलं, "एवढं गाऊन मांगन्यापरीस उठून घ्या ना! भाजी थंडी हून राह्यली." दुधवाल्याला वाटलं वकील भजनी लागले. तो पाया पडला आणि त्या दिवसापासून दुधात पाणी घालायचं कमी झालं. हाही उपचाराचाच गुण म्हणून डॉक्टरांनी आपल्या खात्यात जमा केला.

खरी फजिती जऊळक्याला झाली. लांबच्या नात्यातले एक म्हातारे वारले म्हणून समाचाराला गेलो. ओसरीवर माणसं, आत बायका रडताहेत. मी बसलो, सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं, जीभ टाळूला चिकटली, आणि घाबरून मी सूर धरला: "फाऽर वाईट झालंऽ... मोठा माणूस गेलाऽ..." थोरल्या मुलाच्या कानशिलाची शीर उडताना मला दिसली. आता हा उठून मारणार, असं वाटतंय तोच आतून म्हातारीचा हंबरडा आला, तोही थेट माझ्याच सुरात: "मोठा मानूस गेला रेऽ माह्या बावाऽ..." पाठोपाठ सगळ्या बायका. आमच्याकडे बायका मेलेल्याचे गुण आळवून सुरात रडतात, हे मी विसरलो होतो. त्या मात्र विसरल्या नव्हत्या. मी निघताना म्हातारीने निरोप पाठवला: "पोरगं लय चांगलं रडलं. तेरवीले बी आनजा त्याले."

डॉक्टरांना हे सांगितलं तर त्यांनी फक्त विचारलं, "म्हातारी काळी एकवर आली व्हती? आपल्या आपन? वा!" जऊळक्याहून येणाऱ्या गाडीची शिट्टी लांबून ऐकू आली की ते असंच दाद द्यायचे, किंवा तोंड वाकडं करून म्हणायचे, "आज इंजिनाले पडसं हाय."

तारीख उजाडली. मी डॉक्टरांचे पाय धरले की पेटी घेऊन कचेरीत चला. पेटी आत नेऊ देणार नाहीत, हे त्यांना माझ्यापेक्षा जास्त कळत होतं. "म्या येतो," ते म्हणाले. "मागच्या बाकावर बसतो. तोंड मिटून सूर देतो. तू फक्त त्याले धर."

कचेरी भरली होती. खेड्यातला दावा म्हणजे अर्धं गाव सोबत येतं. मेडशीची माणसं भिंतीला टेकून ओळीने बसली होती. बाहेर आवारात, कडुलिंबाला, वादाचा विषय म्हणून लाल्या बांधला होता. मामा कोपऱ्यात बसून माझ्या कोटाकडे बघत होते, जणू तो खुंटीवर कसा दिसेल याचा अंदाज घेत.

मुनसफ म्हणाले, "वादीतर्फे?"

मी उभा राहिलो. मागून बारीक 'हूंऽऽऽ' सुरू झालं. मी ते धरलं.

"महाराऽज, वादीचाऽ बैल..."

मुनसफांनी मान वर केली. "हा कसला आवाज?"

सूर चालूच. डॉक्टरांचे डोळे मिटलेले. ते एकदा सुरात बसले की त्यांना दुनिया दिसत नसे.

"भुंगा शिरलेला दिसतो," मुनसफ म्हणाले. "चपराशी, काढा त्याला."

चपराशी फडकं घेऊन खिडक्यांपाशी फिरला, पंख्याखाली फिरला, माझ्या कोटाच्या मागे वाकून पाहिलं. शेवटी कान देत देत मागच्या बाकापाशी पोचला, डॉक्टरांपुढे कमरेवर हात ठेवून उभा राहिला, आणि म्हणाला, "सायेब, भुंगा सापडला. टोपी घालून बसला हाये."

डॉक्टरांना बाहेर काढलं. जाताना त्यांनी दारातून माझ्याकडे पाहून एक बोट वर केलं. काळी एक. मग दार लागलं.

आणि सूर तुटला. मी उभा. "म... म... म..." घामाचा थेंब नाकावरून ओघळून जाबजबाबावर पडलेला मला आठवतो. मुनसफांनी चष्मा काढला. पुसायची वेळ जवळ आली होती. मामा उठलेच. मी संपतकडे पाहिलं. त्याच्या चेहऱ्यावर राग नव्हता; मोटेला लावलेला बैल मध्येच बसला तर शेतकरी जसा बघतो तसा तो माझ्याकडे बघत होता: मारून उपयोग नाही, बोलून उपयोग नाही, मग काय करावं?

त्याने ओठ मिटले आणि सूर लावला.

आमच्याकडे विहिरीवर मोट हाकताना माणूस गातो. मोट भरली की एक ओळ, बैल उतारावरून पुढे ओढत जातात. मोट रिकामी झाली की एक लांब हुंकार, आणि बैल त्या हुंकारावर मागे मागे सरकत परत विहिरीशी येतात. संपतने लावला तो हा परतीचा हुंकार. घोगरा, लांब, मातीचा. काळी एक होती की नाही देव जाणे. पण धरायला होती.

मी धरली. आणि जे सुटलो ते सुटलोच. बैलाचा जन्म, बैलाचं वय, बैलाचा रंग, बैलाचा स्वभाव. पंधरा-वीस दिवस साठलेलं आणि पंचवीस वर्षं अडलेलं सगळं. "महाराऽज, त्याच्या डाव्याऽ शिंगालाऽ चीर आहे..."

"हूंऽऽ... डावं नाई, उजवं... ऽऽहूं," संपत म्हणाला. सूर न तोडता.

"उजव्याऽ शिंगालाऽ!"

भिंतीशी बसलेली मेडशीची माणसंही एकेक करून गुणगुणायला लागली. इतके भुंगे चपराशी कुठे कुठे काढणार? तो फडकं हातात घेऊन तसाच उभा राहिला. प्रतिवादीचे वकील उठून ओरडत होते, "हे काय चालू आहे? हे काय चालू आहे?" पण ते बेसूर असल्यामुळे कुणी लक्ष दिलं नाही.

तेवढ्यात बाहेर काहीतरी मोडल्याचा आवाज आला. मग आरडाओरड. मग दार धाडकन उघडलं, आणि कचेरीत एक शेपटी आली.

शेपटीच्या पाठोपाठ बैलाचं ढुंगण. मग, सावकाश, पाठ. लाल्या दावं तोडून, आवार ओलांडून, पायऱ्या चढून, उलट पावली, मागे मागे सरकत संपतच्या आवाजाकडे येत होता. दारातून अंग घासत आत येताना त्याने शेपटी उडवून प्रतिवादीच्या वकिलांच्या कागदांवर फटकारा मारला.

संपतने सूर सोडला. बैल जागच्या जागी थांबला.

मुनसफांनी चष्मा पुसून डोळ्यांवर चढवला आणि त्या शेपटीकडे पाहिलं. "हा... हा असा पाठमोरा का आला?"

"मोटेचा बैल हाये सायेब," संपत म्हणाला. "माहा हुंकार आइकला की मांगं येते. म्याच शिकवलं हाय त्याले, इहिरीवर."

मुनसफ प्रतिवादीकडे वळले. "तुमच्या शेतात विहीर आहे?"

तो खाली बघून म्हणाला, "नाई जी. कोरडवाहू हाये आपलं."

"मग मोट?"

"मोट... ते... मोट..." तो म्हणाला. त्या दिवशी कचेरीत अडखळणारा मी एकटाच नव्हतो.

संपत लाल्याच्या गळ्याला मिठी मारायला गेला, पण गळा दाराबाहेर होता, म्हणून त्याने जे हाताशी आलं त्यालाच मिठी मारली. मुनसफ उठता उठता मला म्हणाले, "वकीलसाहेब, युक्तिवाद चांगला होता. शेवटचा मुद्दा विशेष." मामांनी पुढे येऊन माझ्या कोटाची कॉलर सरळ केली.

डॉक्टर कडुलिंबाखाली उभे होते. ते मला काय विचारतील याची मला खात्री होती, आणि त्यांनी तेच विचारलं.

"बैल हंबरला नाई का एकदा तरी? त्याची पट्टी कोनती?"

वाशीममध्ये पुढे बोलवा झाली की पेटीवाल्या डॉक्टरांनी बैलाला साक्ष द्यायला लावली. दवाखान्यासमोर गाई-म्हशी उभ्या राहू लागल्या. डॉक्टरांनी एकीलाही परत पाठवलं नाही. म्हशीला आ करायला लावणं कसं जमे ते मला ठाऊक नाही. मी मात्र बोलता झालो. हळूहळू गाणं सुटलं आणि बोलणं राहिलं. आजही उभं राहिलो की पहिला शब्द काढण्याआधी मनात ती काळी एक लावतो, आणि ती लागली की मग पुढचा माणूस मुनसफ असो की दुधवाला, मी कुणाला ऐकत नाही. घरचे म्हणतात तेव्हाच बरं होतं, तेव्हा निदान मीठ तरी गाऊन मागायचे.

डॉक्टर गेले तेव्हा पेटी माझ्याकडे आली. डॉक्टरीणबाईच घेऊन आल्या; म्हणाल्या, "घरात ठिवली की कान लावून बसल्यावानी वाटते. तुमी घ्या." पुष्कळ वर्षं ती नुसतीच होती. भाता पार जायला आला, तेव्हा अकोल्याहून पेटी दुरुस्त करणारे एक खाँसाहेब आले होते त्यांना दाखवली. त्यांनी ती उघडली, एकेक सूर आपल्या चांगल्या पेटीशी ताडून पाहिला, आणि जसजसे ताडत गेले तसतशी त्यांची मान अधिकाधिक वेगाने हलू लागली.

"वकीलसाब, ये किसकी थी?"

"डॉक्टरांची."

"किसीका इलाज किया इससे?"

"सगळ्या गावाचा."

खाँसाहेबांनी कानाला हात लावला. "सब सूर उतरे हुए हैं. एक भी अपनी जगह पर नहीं. और ये देखो..." त्यांनी काळी एक दाबली. पेटीने उसासा टाकला आणि तो सूर आला. माझ्या अंगावर काटा आला, त्या दिवसासारखाच. "ये तो काली एक है ही नहीं. सफेद एक भी नहीं. दोनोंके बीच में कहीं लटकी हुई है. दुनियाकी किसी पेटी में ये सूर नहीं मिलेगा."

म्हणजे ज्यावर मी उभा आहे, ज्यावर माझं सगळं घरदार, वकिली, भांडणं आणि प्रेमाचे चार शब्द उभे आहेत, तो सूर एका उंदराने आणि चिकटपट्टीने मिळून तयार केला होता. मला हसू आवरेना. खाँसाहेबांना वाटलं वाईट वाटून घेतलं. ते समजुतीने म्हणाले, "फिक्र मत करो. सब ठीक कर देता हूं." आणि त्यांनी कानस उचलली.

मी त्यांचा हात धरला. बाकीचे सगळे सूर जागेवर बसवा म्हणालो, हवं तर पेटी नवी करा.

"पण त्या एकाला," मी म्हणालो, आणि किती वर्षांनी कोण जाणे जीभ अडखळली, "त्या... त्या... त्या..."

खाँसाहेब समजूतदार. त्यांनी कानस खाली ठेवली आणि ती पट्टी दाबून धरली.

"त्याऽ एकाला हाऽत लावू नका," मी म्हणालो.